पोटातला गोळा आणि देवळालीचा ताप



मागच्या महिन्यात आपल्या एका वाचक मुलीनं विचारलं होतं, "मावशी, इंग्रजी वाक्प्रचार लक्षात ठेवायची सोपी युक्ती सांगा ना. परीक्षेत अर्थ बरोबर लिहिते, पण समोर कोणी बोलताना वापरला की गोंधळते." युक्ती सांगते, पण त्याआधी आमच्या घरात घडलेला एक प्रकार ऐका.

माझी आई बऱ्हाणपूरची. सारं आयुष्य इथंच गेलं. मागच्या हिवाळ्यात ती डोळ्यांच्या तपासणीसाठी पुण्याला माझ्या भावाकडे गेली होती. भावाचा मुलगा पुण्यातच वाढला, इंग्रजी शाळेत शिकला, आता चांगल्या नोकरीत आहे. आजीवर त्याचा फार जीव. तो मित्रांबरोबर दोन दिवस गडावर गेला आणि तिथं फोनला रेंज नव्हती. रविवारी रात्री घरी आला, तर आजी दारातच बसलेली. म्हणाली, "कुठं होता रे दोन दिस? फोन नाही, काही नाही. माह्या पोटात त गोयाच आला!"

आता हा मुलगा हुशार. आमच्या रावेर-बऱ्हाणपूरकडच्या बोलीत ‘ळ’चा ‘य’ होतो, डोळ्याचा डोया आणि केळीची केयी होते, हे त्याला ठाऊक होतं. म्हणजे गोया हा गोळा. उच्चाराची गाठ त्यानं पटकन सोडवली. अर्थाची गाठ मात्र तशीच राहिली. दुसऱ्या दिवशी आजीला रक्तदाबाच्या नेहमीच्या तपासणीला घेऊन गेला, तेव्हा डॉक्टरांना त्यानं काळजीनं इंग्रजीत सांगितलं, की आजीच्या पोटात गाठ आली आहे, ती स्वतःच म्हणते. डॉक्टरांना मराठी येत नव्हतं. त्यांनी त्यांचं काम केलं, सोनोग्राफी लिहून दिली.

सोनोग्राफीत काहीच निघालं नाही. पण मधल्या दोन रात्री आई झोपली नाही. मला फोनवर हळू आवाजात म्हणाली, "मले काहीतरी मोठं झालं असन. हे लोक मले सांगत नाहीत." उपाशीपोटी तपासायला नेलं, पोटावर यंत्र फिरवलं, सून हळू आवाजात बोलते, नातू जास्तच लाडानं वागतो. तिनं यावरून काय समजायचं?

मी भाच्याला फोन केला. "अरे, गाठ आहे असं तुला कोणी सांगितलं?"

"आजीच म्हणाली ना आत्या, पोटात गोळा आला."

मला आधी हसू आलं आणि मग आलं नाही. पोटात गोळा येणं म्हणजे एकाएकी भीती वाटणं, काळजीनं आतून घाबरं होणं. आजी त्याला सांगत होती की दोन दिवस तुझा पत्ता नव्हता तर मी किती घाबरले. ती त्याच्यावरच्या मायेचं बोलत होती आणि तो तिचं पोट तपासत बसला.

वाक्प्रचाराचा अर्थ चुकला तर परीक्षेत एक मार्क जातो, एवढंच आपल्याला वाटतं. घरात कधी कधी त्यापेक्षा जास्त जातं.

फुलपाखरं आणि गोळा

आता याच पोटाची इंग्रजी बाजू बघा. इंग्रज माणूस घाबरला, मुलाखतीच्या दाराशी बसला, की त्याच्या पोटात फुलपाखरं उडतात. ‘बटरफ्लाइज इन द स्टमक’. आपली आजी इंग्लंडात जन्मली असती आणि असं म्हणाली असती, तर नातवानं तिला फुलपाखरं काढायला दवाखान्यात नेलं असतं का? नसतं नेलं, कारण तो वाक्प्रचार त्याला शाळेत शिकवला होता. पोटातला गोळा कोणी शिकवला नव्हता. तो घरात आपोआप येईल असं सगळ्यांनी धरलं होतं.

वाक्प्रचाराचा नियम एकच आहे. शब्दांचे अर्थ वेगवेगळे काढून त्यांची बेरीज करायची नाही. सगळा मिळून एक अर्थ असतो, आणि तो शब्दांत नसून तो वापरणाऱ्या माणसांत असतो. म्हणून पहिली युक्ती ही: नवा वाक्प्रचार ऐकला की ‘याचा अर्थ काय’ एवढंच विचारू नका. ‘हा कोण, कोणाला, कोणत्या वेळी म्हणतं’ हे विचारा. अर्थ त्याच्या मागोमाग येतो.

नाहीतर सारखे दिसणारे वाक्प्रचार फसवतात. आपल्याकडे कोणी कोणाचे पाय ओढतो म्हणजे त्याची प्रगती बघवत नाही म्हणून त्याला खाली खेचतो. इंग्रजीत ‘पुलिंग युअर लेग’ म्हणजे नुसती थट्टा. आमच्या शेजारचा एक मुलगा बंगळुरूला पहिल्याच नोकरीत होता. वरिष्ठ त्याला हसत म्हणाले, "आय वॉज जस्ट पुलिंग युअर लेग." यानं महिनाभर त्यांच्यापासून अंतर ठेवलं. त्याला वाटलं, हा माणूस आपले पाय ओढतो आणि वर तोंडावर कबूलही करतो!

तसंच ‘कोल्ड फीट’. आपले हातपाय गार पडतात ते भीतीनं, समोर काही भयंकर उभं राहिल्यावर. इंग्रजीत पाय गार पडतात ते ठरवलेल्या गोष्टीतून ऐन वेळी माघार घ्यावीशी वाटते तेव्हा, बहुतेकदा लग्नाच्या आदल्या दिवशी. आणि ‘हँड्स अप’ म्हणत हात वर करणारा शरण आलेला असतो, तर आपल्याकडे हात वर करणारा जबाबदारी झटकून मोकळा झालेला असतो. सगळेच फसवे नसतात म्हणा. ‘बटरिंग अप’ आणि आपलं लोणी लावणं ही सख्खी भावंडं आहेत. खुशामतीला दोन्हीकडे स्निग्ध पदार्थच लागतो.

आपण सीमेवरची माणसं

खरं तर ही कसरत आपल्याला जन्मापासून येते. आपलं गाव मध्य प्रदेशात, सीमा ओलांडली की रावेर. घरात मराठी, शाळेत हिंदी, विणकरांच्या मोहल्ल्यात उर्दू, गावाबाहेर निमाडी. हिंदीच्या बाईंनी ‘शिक्षा’ म्हटलं की ज्ञान आणि घरी वडिलांनी म्हटलं की मार, हे आपल्याला पहिलीतच कळतं. हिंदीतला ‘राग’ गायचा असतो, मराठीतला आवरायचा असतो. हिंदीत ‘चेष्टा’ केली तर शाबासकी, मराठीत केली तर कानपिचकी. निमाडी माणूस ‘छे’ म्हणतो, अहिराणी बोलणारा ‘शे’ म्हणतो, दोघांचा अर्थ ‘आहे’. आपण हे कधी पाठ केलं नाही. माणूस बघून अर्थ लावत गेलो.

तरी सुट्टीत पुण्या-मुंबईला गेलं की आपली मुलं गप्प का होतात? कारण ‘मी येऊन राहिली’ म्हटलं की चुलत भावंडं हसतात. "येऊन राहिलीस? कुठं राहिलीस?" मीही लहानपणी हे ऐकलं आणि घरी येऊन आईला म्हटलं, "तू असं गावंढळ बोलत जाऊ नको." आई काही बोलली नाही. आज ते आठवलं की वाईट वाटतं. ‘येऊन राहिली’ ही बोलण्याची रीत खानदेशात आहे, विदर्भात आहे, आणि हिंदीतल्या ‘आ रही हूँ’ची ती जवळची नातलग आहे. चूक म्हणून हसावं असं तिच्यात काही नाही. दोन भाषांच्या बांधावर राहणारी माणसं अशीच बोलणार.

या गावाची तर ती जुनी चाल आहे. आपल्या जामा मशिदीत जाऊन बघा. फारुकी सुलतान आदिलशाहानं सोळाव्या शतकाच्या शेवटी ती बांधली आणि भिंतीवर अरबीबरोबर संस्कृत शिलालेखही कोरवला. पुढे अकबर-जहांगीरच्या काळात दख्खनचा कारभार बघत अब्दुल रहीम खानखाना अनेक वर्षं इथं राहिला. हाच आपला दोह्यांचा रहीम. फारसी, ब्रज, संस्कृत या भाषा त्याला येत होत्या, आणि एकाच रचनेत दोन भाषा मिसळायला त्याला संकोच वाटत नव्हता. त्याच्या ‘खेटकौतुकम्’ या ज्योतिषावरच्या ग्रंथात संस्कृत आणि फारसी शब्द एकाच श्लोकात नांदतात.

त्याच्या नावावरचा केळ आणि बोरीचा दोहा तुम्ही हिंदीच्या पुस्तकात वाचला असेल. दोन झाडं शेजारी, बोर आपल्या आनंदात डोलते आणि तिच्या काट्यांनी केळीची पानं फाटतात. हिंदीत ‘बेर-केर का संग’ हा न जमणाऱ्या सोबतीसाठी वाक्प्रचारच होऊन बसला. आपल्या गावाभोवती केळीच्या बागा आहेत आणि बांधावर बोरी आहेत. ज्यानं फाटलेलं पान पाहिलं आहे, त्याला हा अर्थ पाठ करावा लागत नाही.

देवळालीचा ताप

आता तुम्ही म्हणाल, मावशी, आपली बोली ठीक आहे, पण इंग्रजी ती इंग्रजी. तिथं अशी सरमिसळ चालत नाही. मग एक शब्द सांगते. इंग्रजीत एखाद्याचं डोकं फिरलं असं गमतीनं म्हणायचं असेल तर म्हणतात, ‘ही हॅज गॉन डूलॅली’. हा डूलॅली म्हणजे नाशिकजवळचं आपलं देवळाली.

ब्रिटिशांच्या काळात देवळालीला लष्कराची मोठी छावणी होती. हिंदुस्थानातली नोकरी संपलेल्या गोऱ्या शिपायांना मायदेशी जाण्याआधी तिथं आणून ठेवत. पण शिपाई नेणारी जहाजं ठराविक महिन्यांतच, थंडीच्या मोसमात सुटत. ज्याची मुदत मोसम संपल्यावर भरली, तो पुढचे कित्येक महिने तिथंच अडकून पडे. काम नाही, कवायत नाही, घर डोळ्यांपुढे, जहाज मात्र नाही. ऊन, दारू, आजारपण आणि रिकामपण. माणसं भ्रमिष्टासारखी वागू लागत. मग बाकीचे शिपाई म्हणत, याला ‘डूलॅली टॅप’ झाला. यातला टॅप म्हणजे आपला ताप. फ्रँक रिचर्ड्स नावाच्या ब्रिटिश सैनिकानं १९३६ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या आठवणींत या देवळालीच्या तापाबद्दल लिहिलं आहे. पुढे ‘टॅप’ गळून गेला, ‘डूलॅली’ राहिला, आणि आज ज्यांना देवळाली नकाशावर दाखवता येणार नाही तेही तो शब्द वापरतात.

मुंबईहून निघालेली गाडी देवळाली, नाशिक, भुसावळ करत आपल्या बऱ्हाणपूरला येते. १८७० साली मुंबई ते कलकत्ता ही रेल्वे जबलपूरमार्गे जोडली गेली, तिच्यावरचीच ही स्थानकं. म्हणजे तो इंग्रजी शब्द आपल्याच रुळांवर जन्मला. पुढच्या वेळी गाडी देवळालीला थांबली की मुलांना दाखवा.

असे आणखीही आहेत. ‘मुंगूस’ मराठीतून गेलं आणि इंग्रजीत ‘मंगूस’ झालं. मुंबईच्या डोंगरीला जे जाडंभरडं कापड विकलं जाई, त्यावरून ‘डंगरी’ आली, आणि आज ती महागड्या दुकानात टांगलेली असते. ‘चिठ्ठी’ची ‘चिट’ झाली, ‘विलायती’वरून शिपायांनी आपल्या देशाचं लाडकं नाव ‘ब्लायटी’ पाडलं, ‘देखो’वरून ‘डेको’ आला, तो आजही नजर टाकण्याला म्हणतात. शिपाई, हमाल, दुकानदार यांच्या तोंडची ही मोडकीतोडकी सरमिसळ. तिला त्या काळी कोणी शुद्ध इंग्रजी म्हटलं नसतं. आज ती शब्दकोशात बसली आहे.

केळीच्या गावात ‘गोइंग बनानाज’

वेड लागण्याला इंग्रजीत आणखी एक शब्द आहे, तो तर खास आपला वाटावा असा. ‘गोइंग बनानाज’. ही अमेरिकन बोली, १९६०च्या दशकात तिकडच्या तरुणांत रूढ झाली. कोणी रागानं किंवा आनंदानं बेभान झालं की ते ‘बनानाज’ झालं. आपल्या जिल्ह्यात हे शब्दशः घ्यायचं तर भाव पडल्यावर आणि वादळानं बाग झोपल्यावर शेतकऱ्याचं जे होतं, ते म्हणावं लागेल. पण अमेरिकन पोरांच्या डोक्यात केळीची बाग नव्हती.

‘टॉप बनाना’ म्हणजे मंडळीतला म्होरक्या. हा अमेरिकेतल्या विनोदी नाटकमंडळ्यांतून आला, तिथं मुख्य विदूषकाला असं म्हणत. ‘बनाना रिपब्लिक’ मात्र हसण्यावारी नेण्यासारखा नाही. अमेरिकन कथाकार ओ. हेन्री यानं १९०४ च्या पुस्तकात हा शब्द प्रथम वापरला. मध्य अमेरिकेतले छोटे देश एकट्या केळीच्या निर्यातीवर जगत आणि बाहेरच्या फळकंपन्या तिथली सरकारं नाचवत. एकाच पिकावर जगणारा देश त्या पिकाच्या व्यापाऱ्याच्या मुठीत कसा जातो, हे त्या दोन शब्दांत आहे. केळी पिकवणाऱ्या घरातल्या मुलांनी हा अर्थ नीट समजून घ्यावा असं मला वाटतं.

आता एक गंमत. आपण केळीच्या घडाच्या एका भागाला ‘फणी’ म्हणतो. इंग्रजीत त्याला ‘हँड’ म्हणतात आणि एकेका केळ्याला ‘फिंगर’. तेच फळ. त्यांना पंजा दिसला, आपल्याला कंगवा. दोघांचंही बरोबर आहे. भाषा म्हणजे हेच, कोणाला कशात काय दिसलं त्याची नोंद.

आमच्या घरी शेतातले शब्द घरात वापरायची रीत होती. केळीचा घड झाडातून बाहेर पडू लागला की बाग ‘निसवली’ म्हणतात. दहावीला बरे मार्क पडलेल्या मुलाला माझे वडील म्हणायचे, "निसवला बुवा एकदाचा!" पाऊस पडून गेल्यावर जमीन ना फार ओली ना फार कोरडी, नांगर घालायला योग्य होते, तो ‘वाफसा’. घरात भांडण झालं की आई म्हणायची, "आता काही बोलू नको, वाफसा होऊ दे." चिखलात औत घातलं तर ढेकळं होतात, तसं तापलेल्या माणसाशी बोललं तर होतं. इंग्रजीत लोखंड गरम असतानाच घाव घाला असं सांगतात, आपल्या शेतात थोडं थांबा असं सांगतात. ते लोहाराचं शहाणपण, हे शेतकऱ्याचं. आयुष्यात दोन्ही लागतात.

नऊवारीचा फॉरवर्ड

दुसरी युक्ती म्हणजे सावधगिरी. वाक्प्रचारांच्या नावावर मोबाइलवर काय वाट्टेल ते फिरतं. मध्यंतरी आपल्याच गटात एक फॉरवर्ड आला होता, की इंग्रजीतलं ‘द होल नाइन यार्ड्स’ म्हणजे ‘अगदी सगळंच्या सगळं’ हे आपल्या नऊवारीवरून आलं. बऱ्याच जणींनी हार-फुलांची चित्रं पाठवली. मलाही आवडलं असतं. पण तसं नाही. १९०७ साली अमेरिकेतल्या इंडियाना राज्यातल्या एका छोट्या वर्तमानपत्रात ‘फुल नाइन यार्ड्स’ सापडतं, आणि १९१२ मध्ये केंटकीतल्या वर्तमानपत्रात तोच अर्थ ‘होल सिक्स यार्ड्स’ असा येतो. त्या खेड्यांत कोणी लुगडं नेसत नव्हतं. आकडाही सहाचा नऊ होत गेला, म्हणजे ते माप कुठल्या एका कापडाचं नव्हे, नुसती बोलण्याची लकब होती.

देवळाली खरी आहे आणि नऊवारी खोटी. दोन्हींचा अभिमान सारखाच सुखावतो, म्हणून पडताळा घ्यायचा. आपल्या भाषेचा मान वाढवायला खोटी गोष्ट लागत नाही.

काही जोड्या

पाठांतरापेक्षा जोडी लावली की लक्षात राहतं. या काही बघा.

• ‘बार्किंग अप द राँग ट्री’: शिकार एका झाडावर, कुत्रा भुंकतो दुसऱ्याखाली. चुकीच्या ठिकाणी खटपट. आपलं ‘आग सोमेश्वरी, बंब रामेश्वरी’.

• ‘क्लोजिंग द स्टेबल डोअर आफ्टर द हॉर्स हॅज बोल्टेड’: घोडा पळाल्यावर तबेल्याचं दार लावणं. आपलं ‘बैल गेला आणि झोपा केला’. यातला झोपा म्हणजे झोप नव्हे बरं का, गोठ्याचं दार. माझ्या कित्येक विद्यार्थ्यांना वाटे की बैल गेल्यावर मालक झोपी गेला!

• ‘द पॉट कॉलिंग द केटल ब्लॅक’: पातेलं किटलीला काळी म्हणतं. आपलं ‘आपलं ठेवायचं झाकून आणि दुसऱ्याचं पाहायचं वाकून’.

• ‘अ बॅड वर्कमन ब्लेम्स हिज टूल्स’: आपलं ‘नाचता येईना अंगण वाकडे’.

• ‘स्टॉर्म इन अ टीकप’: चहाच्या कपात वादळ. आपला ‘राईचा पर्वत’.

• ‘बाइट द बुलेट’: अटळ दुःख मुकाट्यानं सोसणं. आपलं ‘छातीवर दगड ठेवणं’.

• ‘कॅरीइंग कोल्स टू न्यूकॅसल’: न्यूकॅसल हे कोळशाचं गाव, तिथं कोळसा नेणं व्यर्थ. आमच्या घरी याला म्हणतात, ‘रावेरला केळी नेणं’. हवं तर वापरा, हक्क राखून ठेवलेले नाहीत.

आणि तिसरी युक्ती, जागा ओळखायची. वाक्प्रचार बहुतेक ठिकाणी चालतो, बोलीतला चटकदार शब्द सगळीकडे चालत नाही. इंदूरच्या नाक्यावर ‘भिया’ म्हटलं की ओळख होते, मुलाखतीत म्हटलं की नोकरी जाते. ‘बनानाज’ मित्रात म्हणा, कचेरीच्या पत्रात लिहू नका. ‘डूलॅली’ तर खऱ्या मानसिक आजारानं त्रासलेल्या माणसाबद्दल कधीच म्हणू नका. त्या छावणीत अडकलेल्या शिपायांचंही ते दुखणंच होतं, थट्टा बाकीच्यांनी केली.

गोया नाही ना आला?

भाच्याचं काय झालं ते सांगायचं राहिलं. अहवाल आल्यावर मी त्याला अर्थ सांगितला, तेव्हा तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "आत्या, म्हणजे ती माझ्यासाठी घाबरली होती, आणि मी तिला अजून घाबरवलं." त्यानं जाऊन आजीजवळ बसून सगळं सांगितलं. पोट चांगलं आहे, माझीच समज चुकली. आई खूप हसली म्हणे, आणि मग थोडी रडलीही.

आई आता बऱ्हाणपूरला परत आली आहे. भाच्यानं मोबाइलमध्ये एक यादी सुरू केली आहे, तिचं नाव ‘आजीचे शब्द’. वाफसा, निसवली, झोपा, गोया, सगळे त्यात आहेत, आणि प्रत्येकासमोर ती तो कधी म्हणाली तेही. दर रविवारी तो फोन करतो. पहिला प्रश्न ठरलेला असतो, "आजी, गोया नाही ना आला?" आणि आईचं उत्तरही ठरलेलं असतं, "तुहा फोन आला, आता कायचा गोया!"

आता तुमचा गृहपाठ. या महिन्यात घरातल्या सगळ्यात मोठ्या माणसाजवळ अर्धा तास बसा. बोलताना तुम्हाला न कळलेले पाच शब्द किंवा वाक्प्रचार लिहून घ्या. अर्थ शोधायला मोबाइल काढू नका, त्यांनाच विचारा, "हे तुम्ही कधी म्हणता?" आजी-आजोबा लांब असतील तर फोन करा. जे मिळेल ते आम्हाला पाठवा, पुढच्या अंकात निवडक शब्द घेऊ.

आणि फोन दोन दिवस बंद राहणार असेल, तर आधी घरी सांगून जा!